पाच जणांना किती भाकरी

परवा माझ्या थोरल्या मुलीच्या अंकगणिताच्या पुस्तकात पुन्हा तीच पाच माणसं जेवायला बसलेली दिसली. 'एका घरी पाच माणसे आहेत. प्रत्येकाच्या ताटात तीन भाकरी वाढायच्या, तर एकूण किती भाकरी लागतील?' मुलीनं पाटीवर झरझर पंधरा लिहिलं, पाटी कोनाड्यात ठेवली आणि खेळायला पळाली. उत्तर पुस्तकाशी जुळलं, तिला कुठं काही बोचलं नाही, म्हणजे मला बरं वाटायला हवं होतं. मला राग आला. पोरीचा नाही, त्या पाच माणसांचा. इतकी वर्षं झाली, ही मंडळी माझ्या मानगुटीवर बसून जेवतायत आणि अजून उठायचं नाव घेत नाहीत.

हे गणित ज्यानं कुणी रचलं त्यानं जन्मात कुणाला भाकरी वाढलेली नाही, हे मी पैजेवर सांगते. वाढली असती तर त्यानं 'तीन' हा आकडा घेतलाच नसता. दोन घेतला असता, नाहीतर चार. आमच्याकडे ताटात तीन भाकरी ठेवत नाहीत. तीन भाकरी मेलेल्याच्या नावानं काढून ठेवतात, जित्या माणसाच्या ताटात नाही. ज्याची भूक तीन भाकरींची, त्याला चार वाढायच्या. चौथीतली उरली ती गोठ्यात जाते. हे कुणी शिकवत नाही, चालायला लागल्यापासून पोरीला हे ठाऊक असतं.

आमचं गाव तापीच्या काठचं. तळोद्याच्या बाजाराला सकाळी गाडी जुंपली की दुपार व्हायच्या आत पोचायचं, आणि उत्तरेला नजर टाकली की सातपुड्याची निळी रांग. वडिलांची जमीन काळी, ज्वारी-कापसाची. घरात खाणारी तोंडं पुष्कळ. सुगीच्या दिवसांत डोंगरातून मजूर उतरायचे, मोलगीच्या बाजूचे, ते महिना-दीड महिना आमच्या खळ्याशीच राहायचे. त्या सगळ्यांना कळण्याच्या, म्हणजे ज्वारी-उडीद एकत्र दळलेल्या पिठाच्या, भाकरी आमच्या चुलीवरून जायच्या. आई पहाटे परातीत पीठ घ्यायची ते मुठीनं. आज खळ्यावर किती माणसं, त्यांतली बाया किती, गडी किती, पोरं किती, कोण तापानं पडलंय, एवढं ती एकदा विचारून घ्यायची आणि मग मूठ चालू. भाकरी कधी कमी पडली नाही आणि दुसऱ्या दिवशीच्या न्याहारीपुरतीच शिल्लक राहायची. मी एकदा विचारलं, तू मोजतेस कशी? ती म्हणाली, "मोजत नही वं. मन्ही मूठ मोजस." याला कुणी गणित म्हटलं नाही. तिनं स्वतःही म्हटलं नाही. माझे वडील तर तिच्यासमोर बसून सांगायचे की बायकांच्या डोक्यात आकडे ठरत नाहीत, आणि हे सांगताना तिनं मोजून भाजलेली भाकरी त्यांच्या तोंडात असायची.

मजुरांचंही तसंच. ते विसांनी मोजायचे. तीन विसा आणि वर सात, असं. कामाच्या दिवसांना दोरीला गाठ मारायचे. वडील वहीत लिहायचे आणि ते गाठी मोजायचे, आणि दोन्हींत फरक पडला तर चूक बहुतेक वेळा वहीची निघायची. तरी अडाणी कोण, तर गाठीवाले. आमच्या मास्तरांनाही ते विसांचं मोजणं ऐकून हसू यायचं. हसताना ते नाकातून आवाज काढत.

शाळा म्हणजे मारुतीच्या देवळाची पडवी. मुलगे आत सावलीत, आणि आम्ही तीन मुली पडवीच्या पायरीवर, जिथं नऊ वाजताच ऊन यायचं. मास्तर एकच. ते खान्देशातलेच, नदीपलीकडच्या एका गावचे. घरी बोलायचे ते अहिराणीच, आमच्यासारखंच. पण शाळेच्या पायरीवर पाऊल ठेवलं की त्यांची बोली बदलायची. 'शे'चं 'आहे' व्हायचं, 'मन्हा'चं 'माझा' व्हायचं, आणि कुणा पोराच्या तोंडून घरची बोली निघाली की छडी. त्यांचं कुटुंब गावी असायचं, म्हणून गावातल्या सात घरांनी त्यांच्या जेवणाचे वार वाटून घेतले होते. गुरुवार आमचा. गुरुवारी मी त्यांना वाढायचे.

मुलांना पाढे अडीचकी-औटकीपर्यंत पाठ करावे लागत, मुलींना तीसपर्यंत पुरे. "तुला कुठं गिऱ्हाइकाला कापड मोजून द्यायचंय," मास्तर म्हणत. पण पडवी ती केवढी. मुलगे आत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी ओरडायचे ते सगळ्या गावाला ऐकू जायचं, मग पायरीवरच्या मला का जाऊ नये? मी चार महिन्यांत सगळं तोंडपाठ केलं. औटकी तर मी गोवऱ्या थापताना म्हणायचे. साडेतीनाचा पाढा म्हणत थापलेल्या गोवऱ्या एकसारख्या होतात, असा माझा अनुभव आहे.

मास्तरांना हे कळलं तेव्हा, खरं बोलायचं तर, त्यांना आनंद झाला. आता मी त्यांच्यावर कितीही चिडले तरी हे लपवणार नाही. त्यांनी मला आतल्या मुलांची गणितं द्यायला सुरुवात केली, आणि एका गुरुवारी जेवताना वडिलांकडे विषय काढला. धुळ्याला मुलींना पुढं शिकवतात, राहायची सोय आहे, सरकारकडून शिष्यवृत्ती मिळते, शिकून पोरगी मास्तरीण होऊ शकते. चौथीच्या परीक्षेला शाळा तपासणारे डिपोटी साहेब येतील, त्यांनी शिफारस लिहिली की झालं. वडिलांनी सुपारीचं खांड तोंडात टाकलं. मग म्हणाले, "साहेब हा म्हनतीन तं धाडसू." आई चुलीपाशी होती. तिनं त्या दिवशी मास्तरांच्या भाकरीवर न विचारता लोण्याचा गोळा ठेवला.

म्हणजे माझं सगळं आयुष्य त्या एका माणसाच्या 'हा'वर येऊन थांबलं, ज्याला मी पाहिलेलं नव्हतं. शिवाय माझ्या लग्नाची बोलणी एका घरी चालू झालेली होती. धुळं नाहीतर ते घर. तिसरं काही नव्हतं. मी अकरा वर्षांची होते आणि मला हे अगदी स्वच्छ कळत होतं.

डिपोटी आले ते कडक उन्हात, छत्री धरून, पाटलांच्या घरची खुर्ची त्यांच्या आधी येऊन बसलेली. आदल्या दिवशी आम्ही तिघींनी पडवी शेणानं सारवली होती. मुलग्यांनी आंब्याची पानं बांधली. मास्तर सकाळपासून तिसऱ्यांदा टोपी नीट करत होते. त्यांची बढती का कायमची नेमणूक, काहीतरी या परीक्षेवर होतं, हे आम्हाला मोठ्या मुलांकडून कळलं होतं. ते पाहून मला त्यांची दया आली. तेव्हा आली. आता येत नाही.

डिपोटींनी आधी मुलग्यांना घेतलं. एका चांगल्या घरच्या मुलाला उभं केलं आणि विचारलं, "एका मोटेनं विहीर सहा तासांत उपसते. दुसऱ्या मोटेनं तीच विहीर तीन तासांत उपसते. दोन्ही मोटा एकदम लावल्या, तर किती तासांत उपसेल?" तो मुलगा वर आढ्याकडे बघत राहिला. शेवटी म्हणाला, "नऊ." अहो, ज्याच्या मळ्यात दोन मोटा चालतात त्या पोरानं सांगावं की दुसरी मोट लावली की विहीर उपसायला जास्त वेळ लागतो. पण डिपोटी रागावले नाहीत. "सावकाश विचार कर," ते म्हणाले. "घाई करू नकोस. एका तासात पहिली किती उपसेल?" असं बोट धरून, एकेक पायरी उतरवून, त्यांनी त्याला दोन तासांपर्यंत आणलं आणि "शाबास" म्हणाले. माझ्या पाटीवर दोन कधीचं लिहिलेलं होतं. मी पाटी जरा वर धरली. ती कुणी पाहिली नाही.

मग मास्तर पुढं होऊन म्हणाले की साहेब, या मुलीला गणित फार चांगलं येतं, शिष्यवृत्तीसाठी हिचा विचार व्हावा. डिपोटींनी माझ्याकडे पाहिलं आणि ते हसले. प्रेमानंच हसले, तेही लपवत नाही. "असं का? मग हिला हिच्या कामाचं गणित घालू." आणि त्यांनी पाच माणसांना जेवायला बसवलं.

मला मोट विचारली असती तर मी सांगितलं असतं. भिंत, हौद, कापड, काहीही. पण मुलगी म्हटल्यावर भाकरी. बरं, भाकरी तर भाकरी. मी डोळ्यांसमोर पाच ताटं मांडली. प्रत्येकाची भूक तीनाची. म्हणजे वाढायच्या चार. पाच चोक वीस. क्षणभरही लागला नाही.

"वीस," मी म्हणाले.

मुलगे हसले. डिपोटींनी भुवया वर केल्या. "तीन पाचे किती?"

"पंधरा."

"मग भाकरी किती लागतील?"

"वीस."

आता मला ते कळतं. त्यांना वाटलं, पोरगी पाढा पोपटासारखा म्हणते आणि तो कुठं लावायचा ते हिला ठाऊक नाही. त्यांनी तेवढ्यावर माझी किंमत केली. नऊ म्हणणाऱ्या पोराला 'सावकाश विचार कर', आणि मला 'का' एवढंही विचारलं नाही. एका अक्षराचा शब्द आहे 'का'. तो उच्चारायला त्यांना किती कष्ट पडले असते?

त्यांनी विचारलं नाही, तरी मीच सांगितलं. घाबरले होते, म्हणून शाळेची भाषा तोंडात आली नाही, घरची आली. म्हणाले, "साहेब, ताटमा तीन भाकरी कोनी ठेवत नही. भूक तीननी ऱ्हायनी तरी चार वाढनी पडतीस."

डिपोटी देशावरचे होते. त्यांना अहिराणी कळेना. त्यांनी मास्तरांकडे वळून विचारलं, "काय म्हणते ही?"

माझ्या जिवात जीव आला. कारण मास्तरांना सगळं ठाऊक होतं. परीक्षेच्या आधीच्याच गुरुवारी मी गडबडीत त्यांच्या ताटात दोन ठेवून वर एकच ठेवली होती, तेव्हा त्यांनीच ताटावर हात धरला होता आणि हसून म्हणाले होते की मास्तरला जिता राहू दे, अजून एक आण. त्यांनी फक्त एवढंच सांगायचं होतं. साहेब, आमच्याकडे अशी रीत आहे, हिचं गणित बरोबर आहे, तुमचा प्रश्न आमच्याकडे असा विचारत नाहीत. दोन वाक्यांचं काम. मी म्हणाले, "मास्तर, तुमीच सांगा ना."

मास्तर माझ्याकडे बघेनात. कपाळावरचा घाम टोपीच्या कडेनं टिपत ते म्हणाले, "काही नाही साहेब. घरातली बडबड आहे. खेड्यातली मुलगी, शुद्ध बोलता येत नाही."

मुलगे पुन्हा हसले. डिपोटींनी शाळेच्या शेऱ्यांच्या वहीत काहीतरी लिहिलं. नंतर मी ते वाचलं, कारण मास्तर वही बंद करायला विसरले. माझ्या नावापुढं लिहिलं होतं: 'पाठांतर ठीक. गणितात कच्ची.'

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली, आणि तेव्हा मी काय केलं? पायरीवर जाऊन बसले. उन्हात.

पुढं मी बायकांना म्हणताना कितीदा तरी ऐकलं आहे, बाई मला गणित कधी आलंच नाही, देवानं ते डोकंच दिलं नाही. दर वेळी मला वाटतं, हिला विचारावं, तुला पाच माणसांनी गाठलं का? कुणी हसलं का? कुणी 'घरातली बडबड' म्हटलं का? देवाला मधे घालायची सवय आपल्याला फार आहे. देव कशाला करेल ते? देवानं माझ्या आईला अशी मूठ दिली होती की तिच्यावर चाळीस माणसं जेवत. तिला अडाणी देवानं नाही ठरवलं.

संध्याकाळी वडिलांना गावातूनच कळलं. त्यांनी मला मारलं नाही, रागावले नाहीत. उलट त्यांच्या चेहऱ्यावर सुटका झाल्यासारखं काहीतरी होतं, आणि ते मला माराहून जास्त लागलं. मी त्यांना सगळं सांगितलं. तीनाचं, चाराचं, मास्तरांचं. ते ऐकत होते. मग म्हणाले, "साहेबनी लिखं ना, कच्ची शे. मंग आपन काय करसूत?" म्हणजे तीन भाकरी त्यांच्या ताटात ठेवल्या असत्या तर त्यांनी ताट भिरकावलं असतं, पण साहेबांच्या वहीत ठेवल्या तर त्या पवित्र.  आईनं पीठ मळायला घेतलं आणि ते नेहमीपेक्षा फार वेळ मळत राहिली.

मग गुरुवार आला.

मला वाटलं होतं मास्तर येणार नाहीत. आले. माणसाला भूक लागतेच. ओसरीवर पाट मांडला, वडील शेजारी सुपारी कातरत बसले होते. मास्तर माझ्याकडे न बघता पाटावर बसले. मी उडदाची डाळ वाढली, कांदा ठेवला, आणि मग शांतपणे त्यांच्या ताटात एकीवर एक तीन भाकरी ठेवल्या. तीन. मोजून. आणि चौथी हातात घेऊन तिथंच उभी राहिले.

मास्तरांनी पहिल्या भाकरीला हात घातला होता. तो तिथंच थांबला. त्यांनी ताटाकडे पाहिलं, माझ्या हाताकडे पाहिलं. 

"तीन नको ठेवू वं पोरी," ते म्हणाले. अहिराणीत म्हणाले. "आखो एक दे."

"देस," मी म्हणाले. "पन आधी सांगा मास्तर. पाच जनस्ले कितल्या लागतीन?"

वडिलांच्या हातातला अडकित्ता थांबला. आत चुलीपाशी आईची भाकरी थापायची थाप थांबली. मास्तर मान खाली घालून बसले होते. मी मनात औटकी म्हणायला लागले, कारण दुसरं काही सुचत नव्हतं. साडेतीन, सात, साडेदहा, चौदा. साडेसतराला मास्तर बोलले.

"वीस," ते म्हणाले.

सगळ्यांनी ऐकलं. वडिलांनी ऐकलं, आईनं ऐकलं. मला वाटलं, आता होईल. आता वडील विचारतील की मग मास्तर, शाळेत का नाही सांगितलंत? आता मास्तर म्हणतील की मी धुळ्याला कागद लिहितो, साहेबांना भेटतो, माझी चूक झाली. शिष्यवृत्तीची मुदत अजून गेलेली नव्हती. सगळं अजून होण्यासारखं होतं. फक्त त्या दोन पुरुषांपैकी एकानं एक वाक्य बोलायचं होतं.

वडिलांनी अडकित्ता पुन्हा चालवला. "दे ती भाकर त्यास्ले," ते मला म्हणाले. "थंडी व्हई ऱ्हायनी."

त्याच वर्षी माझं लग्न झालं. मास्तर कायम झाले आणि पुढं दुसऱ्या गावी बदलून गेले. त्यांच्यावरचा माझा राग जुना झाला आहे. ते भित्रे होते, आणि त्यांना भित्रं करणारे त्यांच्यापेक्षा मोठे होते. वडील गेले, त्यांच्यावर किती दिवस चिडायचं? डिपोटींचा तर मला चेहराही आठवत नाही, छत्री तेवढी आठवते. पण वडिलांनी 'दे' म्हटल्यावर मी वाकले आणि ती चौथी भाकरी मास्तरांच्या ताटात ठेवली. मुकाट्यानं, नीट, वर तूप वाढून. त्याचा राग मात्र अजून तसाच आहे.